गेटावरचं फडकं

ग्वामा, उतुआदोचे डोंगर
२५ सप्टेंबर २०२२

मीनो,

जिवंत आहोत. हे आधीच लिहून टाकते, कारण तू पाकीट फोडणार, पहिली ओळ वाचणार आणि बाकीचं बाजूला टाकणार. सख्खा भाऊ आहेस माझा, एवढं तरी ओळखते तुला.

फोन तू घेत नाहीस. आता घ्यायचा म्हटलास तरी टॉवर मेलाय. म्हणून कागद. ओढ्यावरचा पूल वाहून गेला, त्यामुळे पोस्टवाली पलीकडच्या काठावर गाडी थांबवून हॉर्न वाजवते आणि आम्ही पायातलं हातात घेऊन पाण्यातून जातो. अडुसष्टाव्या वर्षी तुझी बहीण गुडघाभर पाण्यात उभी राहून तुला पत्र धाडतेय, हे ध्यानात असू दे.

मागल्या मारिया वादळाने वारा आणला होता, ह्या फियोनाने नुसतं पाणी आणलं. रविवारी दुपारी वीज गेली ती गेलीच. माझी केळीची बाग आडवी झाली. तुरीला मात्र काही झालं नाही, नाताळाच्या भाताला पुरेल. छप्पर शाबूत आहे. चागोच्या वळणावरचा खांब पडलाय. तोच. कोणता ते तुला सांगायला नको.

वाडीभर जनरेटरांची घरघर चाललीय. आमच्याकडे जनरेटर नाही. तुझ्या मेव्हण्याला, एलादियोला, धुराचा त्रास होतो. बर्फ मी चागोकडून आणते, आणि चागो बर्फाबरोबर दीड तास त्याच्या गुडघ्यांची हकीकतही देतो. ओसरीच्या दिव्याचं बटण चालू करून ठेवलंय, सगळ्यांनी ठेवलंय तसं. वीज आली की कळायला नको का?

एलादियो ठणठणीत आहे.

तुझी शेजारीण निल्दा मागे सांगत होती, तू डाव्या हाताने लिहायला शिकलास. मला कधी एक अक्षर धाडलं नाहीस. असो. तिकडे समुद्रापलीकडे होल्योकला थंडी सुरू झाली असेल, कानाला बांधत जा.

तुझी,
प्रोवी


३ ऑक्टोबर

मीनो,

मागच्या पत्रात एलादियो ठणठणीत आहे असं लिहिलं, ते तुला बरं वाटावं म्हणून नव्हतं. तुला झोंबावं म्हणून होतं. खरं सांगायचं तर त्याच्या विजारीला आता दोरी बांधावी लागते. बशीत वाढलेलं तसंच कोंबड्यांना जातं. कोंबड्या मात्र माजल्यात.

काल प्रार्थनेनंतर देवळाच्या ओसरीवर सगळी वाडी बसली होती. वीज कंपनीची माणसं डोंगरात कधी पोचतील ते देव जाणे, म्हणून मारियाच्या वेळेस तुम्ही दोघांनी केलं तसं आपणच खांब उभा करायचा, तार ओढायची, असं ठरलं. पुढाकार यारेलिसचा. तुला आठवत असेल, शाळेच्या बाकाखाली झोपणारी, नाकातून शेंबूड गळणारी? ती आता वायरमनचं शिक्षण घेऊन आलीय, सव्वीस वर्षांची आहे आणि खांबावर माकडासारखी चढते.

एलादियो शनिवारीच कामाला लागला होता. तुम्हा दोघांचे खांबावर चढायचे पट्टे त्याने कोंबड्यांच्या खुराड्यातून बाहेर काढले, तेल लावून पुसले. तुझासुद्धा. मी म्हटलं, "मीनोचा कशाला?" तर म्हणाला, "चामडं सुकतं गं."

आणि काल तिथे सगळ्यांदेखत यारेलिस म्हणाली, "डॉन एलादियो, तुम्ही खाली बसून सांगा, आम्ही ऐकू. तुमच्याएवढं कुणाला येत नाही. पण गेटं बघायला मात्र मी माझा माणूस पाठवणार."

सगळे जमिनीकडे बघत बसले. चागोसुद्धा, जो एरवी झोपेतही बडबडतो.

आणि एलादियो काय म्हणाला ठाऊक आहे? "बरोबर आहे, पोरी." एवढंच. घरी आला, पट्टे परत खुराड्यात टांगले, आणि उरलेला दिवस पडलेल्या केळी तोडत बसला.

मला त्या पोरीचा असा राग आला की काय सांगू. जीभ आहे की कोयता! पण तिने काय चुकीचं केलं? तिला जे ठाऊक आहे तेच ती बोलली. सगळ्या वाडीला तेच ठाऊक आहे, तुलाही तेच. की मारियानंतरच्या जानेवारीत, तू त्या खांबावर असताना, खाली कुणाच्या तरी घरी जनरेटर चालू होता आणि त्याची वीज उलटी तारेवर चढली. की शंख वाजल्यावर घराघराने जनरेटर बंद करून गेटावर पांढरं फडकं टांगायचं, आणि ती फडकी चालत जाऊन बघायचं काम एलादियोचं होतं. की शेवटच्या पाच गेटांकडे तो गेलाच नाही. ऊन होतं, कंटाळा केला. असं त्याने स्वतःच्या तोंडाने सांगितलं, तुझ्या खाटेपाशी, जेव्हा तुझा उजवा हात मनगटापासून नव्हता.

तू त्याला, तुझ्या जिवाभावाच्या जोडीदार वायरमनला, म्हणालास, "अठ्ठावीस वर्षं एका खांबावर काढली आपण, कंपाय, आणि तुला पाच गेटं चालवली नाहीत?" मी दारात उभी होते. मी ऐकलं.

पुढच्या पत्रात लिहिते. आज होत नाही.

प्रोवी


१० ऑक्टोबर

मीनो,

हे पत्र मी तीनदा लिहून चुलीत घातलं. हे चौथं. चूलही आता कंटाळली असेल.

बसून वाच.

एलादियो सगळी गेटं फिरला होता. एकेचाळीसच्या एकेचाळीस. पाच गेटांचं त्याने खोटं सांगितलं.

जनरेटर आमचा होता. चालवला मी.

आता सगळं सांगते, मधे थांबले तर पुन्हा धीर व्हायचा नाही.

सकाळी तू शंख फुंकलास तेव्हा मी जनरेटर बंद केला. फडकं टांगलं. जुन्या पलंगपोसाचं होतं, कोपऱ्यात निळं फूल असलेलं. एलादियो आला, फडकं पाहिलं, मला बाईसाहेब म्हणावं तसं थट्टेने म्हणाला, "शाब्बास, दोन्या प्रोवी, सगळ्यांत झकास तुमचं," आणि पुढे गेला. मग मी घरातला मेन स्विच वर केला. कारण तुम्ही म्हणाला होतात, आज वीज येणार. चार महिने अंधारात काढले होते मीनो. मला तो दिवा पेटताना बघायचा होता. मेन खाली असता तर वाडीभर वीज आली असती आणि माझ्याच ओसरीवर अंधार राहिला असता, आणि चागोने मला जन्मभर चिडवलं असतं.

दुपार झाली. फ्रीजरमध्ये मी तुमच्यासाठी गोड बर्फाचे लिंबर लावले होते, वीस पेले. काम झालं की खांबाखालीच सगळ्यांना द्यायचे असा माझा बेत. झाकण उघडून बघते तर सगळं पाणी व्हायला लागलेलं. तेवढ्यात वळणावरून तुमच्या हसण्याचा आवाज आला. मला वाटलं, जेवायला खाली उतरलात. म्हटलं, दहा मिनिटं. दहा मिनिटं जनरेटर लावला तर बर्फ धरेल, कुणाला कळणारही नाही.

एलादियोने ती दोन्ही टोकांना पिना असलेली वायर केली होती ना, जनरेटरमधून भिंतीतल्या प्लगात घालायची? देताना त्याने मला शंभरदा बजावलं होतं: "आधी मेन खाली, मगच ही वायर. नाहीतर घरातली वीज बाहेर जाते, खांबावर जाऊन हजारो व्होल्टची होते आणि माणूस खाते." मला हे पाठ होतं. देवाशप्पथ पाठ होतं. चार महिने रोज मी तसंच केलं होतं, कारण चार महिने मेन खालीच होता, त्याला हात लावायचं कामच पडलं नव्हतं. त्या एका दिवशी तो वर होता. मीच केलेला. मी विसरले.

गेटावर माझं फडकं फडकत होतं, आणि मागे स्वयंपाकघराच्या भिंतीला जनरेटर चालू होता.

मग चागोची किंकाळी आली. एलादियो गाडीची चावी घ्यायला पळत घरी आला. ओसरीवर पाय ठेवला आणि थबकला. त्याने ती घरघर ऐकली. मागे गेला, स्वतःच्या हाताने जनरेटर बंद केला, वायर उपटली, माझ्याकडे एकदा बघितलं. चावी घेतली आणि गेला.

नंतर, तुला इस्पितळात नेल्यावर, मी म्हटलं, "मी सांगते त्याला." तर म्हणाला, "तू तोंड उघडायचं नाहीस." आणि दुसऱ्या दिवशी तुझ्यासमोर ते पाच गेटांचं बोलला. मी दारात उभी होते. मला वाटलं होतं की मी ओरडेन. नाही ओरडले. मला हायसं वाटलं, मीनो. हे सगळ्यांत वाईट आहे, म्हणून लिहिते. तू त्याला शिव्या देत होतास आणि माझ्या छातीवरचा धोंडा उतरत होता.

झाकली मूठ सव्वा लाखाची म्हणतात. माझी मूठ झाकलेली राहिली आणि माझ्या नवऱ्याची लाज वाडीने पावणेपाच वर्षं वाटून खाल्ली. तो जनरेटर आम्ही विकून टाकला, त्याच महिन्यात. धुराबिराचा कुणाला त्रास नाही.

माफी मागत नाही. मागायची कशी ते कळत नाही. हात परत देता येत नाही मला.

प्रोवी


१७ ऑक्टोबर

मीनो,

तुझं उत्तर नाही. यायला वेळ लागेल, की येणारच नाही, मला कळायला मार्ग नाही. तरी लिहिते, कारण पुढचं तुला माझ्याकडूनच कळावं.

पत्र टाकून आल्यावर मी एलादियोला सांगितलं. हा माणूस बेचाळीस वर्षांत माझ्यावर ओरडला नव्हता, त्या दिवशी ओरडला. "पावणेपाच वर्षं मी काय गंमत म्हणून तोंड मिटलं होतं?" कोंबड्या उडाल्या.

मी पण ओरडले. "मग का मिटलंस? कुणी सांगितलं होतं? मी सांगितलं होतं?"

तर तो खाली बसला. उकिडवा, ओसरीच्या पायरीपाशी. म्हणाला, "त्याचे आईबाप गेले. बायको गेली. हातही गेला. उरली होतीस तू एक. मेव्हणा काय, शिव्या द्यायला असतोच. म्हटलं, बहीण तरी राहू दे त्याला."

मी आत गेले आणि तूर निवडत बसले. निवडलेलीच होती.

मग मी ठरवलं. तुला सांगून झालं होतं, आता वाडी उरली होती. काल रविवारी प्रार्थनेनंतर मी उभी राहिले. एलादियो माझा पदर ओढावा तसा बाहीला धरून ओढत होता. मी म्हटलं, "सोड, नाहीतर इथेच भांडेन." आणि सांगितलं सगळं. फडकं, मेन, वायर, लिंबर. आवाज पोचला सगळीकडे.

यारेलिसने विचारलं, "दोन्या प्रोवी, मेन स्विच वर कशाला केला होतात?"

म्हटलं, "दिवा पेटताना बघायला."

आणि मग मीनो, माझ्या लक्षात आलं की लोक माझ्याकडे बघतच नाहीयेत. एकमेकांकडे बघतायत. कारण कालसुद्धा वाडीतल्या प्रत्येक घरी ओसरीच्या दिव्याचं बटण चालू होतं, आणि निम्म्या घरांत मेन वर होता. चागो उठला. "मी आलोच," म्हणाला आणि त्या मेल्या गुडघ्यांनी असा धावत सुटला की बस! त्याच्यामागे आणखी सातआठ जण. घरी जाऊन मेन खाली करून परत आले, धापा टाकत. हसू की रडू, मला समजेना.

यारेलिस पांढरीफटक पडली होती. म्हणाली, "परवा मी चढणार होते."

मग फडक्यांची गोष्ट निघाली. कुणी म्हणालं, दोन फडकी टांगा. कुणी म्हणालं, लाल टांगा. मी म्हटलं, "फडकं खोटं बोलतं. माझं बोललं. फडकं नको, वायर टांगा. जनरेटरची ती दोन पिनांची वायर उपटून आणायची आणि गेटावर लटकवायची. वायर गेटावर आहे म्हणजे भिंतीत नाही. मग आत कुणाचा बर्फ वितळो नाहीतर कुणाचा संसार."

सगळ्यांना पटलं. यारेलिस उठून एलादियोसमोर गेली. माफीबिफी काही बोलली नाही, ती पोरगी त्यातली नाही. देवळातला शंख तिच्या हातात होता, तो त्याच्या मांडीवर ठेवला. म्हणाली, "डॉन एलादियो, गेटं तुम्ही बघायची. तुम्ही खूण केल्याशिवाय मी पाय वर टाकणार नाही."

आमचा म्हातारा नाक पुसत राहिला. रुमाल माझा होता.

मला आता लोक काय म्हणतात? अजून काही म्हणत नाहीत. दोघीतिघी वाटेत बोलल्या नाहीत, त्यांचं बरोबर आहे. चागोने आज बर्फ दिला आणि गुडघ्यांबद्दल एक शब्द काढला नाही. हे मला फार लागलं.

प्रोवी


३१ ऑक्टोबर

मीनो,

तुझं पाकीट शनिवारी आलं. पोस्टवालीने हॉर्न वाजवला, मी पाण्यातून गेले, तिने पाकीट हातात दिलं. पत्ता बघून मला वाटलं कुणा पोराने लिहिलाय, एवढी वाकडी अक्षरं. मग कळलं. तिथेच ओढ्यात उभी राहिले. पोस्टवाली विचारत होती, "काय झालं, दोन्या? वाईट बातमी का?" म्हटलं, "माझ्या भावाचं अक्षर आहे." फोडायचा धीर नव्हता. तसंच पोलक्यात खुपसून घरी आणलं.

आधी तुला त्या दिवसाचं सांगते.

बावीस तारखेला सकाळी एलादियोने शंख फुंकला. पहिल्यांदा नुसती हवा निघाली, पोरं हसली, मग वाजला. वाडीभरची घरघर एकेक करून थांबत गेली, शेवटी नुसता ओढा ऐकू येत होता. मग तो निघाला, पट्टा लावून, हातात काठी. एकेचाळीस गेटं. प्रत्येक गेटावर काळी वायर लटकत होती आणि तो प्रत्येक वायरीला हात लावून मोजत होता. नुसतं बघत नव्हता, हात लावत होता.

आमच्या गेटाशी आला. आमच्याकडे जनरेटर नाही, तर टांगायचं काय? पण मी ती वायर टाकली नव्हती, मीनो. खुराड्यात, तुझ्या पट्ट्याच्या मागे, पिशवीत बांधून ठेवली होती. आता खोटं काही लिहायचं नाही असं ठरवलंय, म्हणून सांगते, मधूनमधून मी ती बघत असे. तीच मी सकाळी गेटावर टांगली होती. एलादियोने ओळखली. त्याने दोन्ही पिना हातात धरल्या. मग म्हणाला, "सदतीस," आणि पुढे गेला.

यारेलिस वर होती साडेतीन तास. मी एकदाही आत गेले नाही. ओसरीवर बसून राहिले, त्या पिनांकडे बघत. मेन खाली होता, बटण बंद होतं. सगळ्या वाडीत तसंच होतं. ती उतरली, तिने हात केला, एलादियोने दोनदा शंख फुंकला, तेव्हा आम्ही आत जाऊन मेन वर केले.

दिवा लागला. "वीज आली!" असा जो ओरडा उठला तो तुला होल्योकला ऐकू आला असेल. चागो रस्त्यात नाचला. संध्याकाळी येऊन त्याने मला डाव्या गुडघ्याची सगळी हकीकत सांगितली, पहिल्यापासून. मी एकही शब्द मधे बोलले नाही.

आता तुझं पत्र. शनिवारी दुपारी एलादियोला म्हटलं, तू वाच. तो म्हणाला, तुला आलंय, तू वाच. शेवटी मीच फोडलं. आत एवढा मोठा कागद आणि त्यावर दोन ओळी. मला वाटलं होतं शिव्या असतील. शिव्यांना तरी उत्तर तयार होतं माझ्याकडे.

तू लिहिलंस: "कंपायला विचार, माझ्या पट्ट्याला तेल कुठलं लावलं. खोबरेल लावलं असेल तर त्याला म्हणावं गाढवा, चामडं कुजेल."

आणि त्याखाली: "लिंबर कसले होते?"

पहिली ओळ वाचून एलादियो खुराड्याकडे गेला. खोबरेलच लावलंय मेल्याने. तो अजून तो पट्टा फडक्याने पुसतोय, दोन दिवस झाले.

आणि दुसरीचं उत्तर. दहा तारखेच्या पत्रात मी सगळं लिहिलं, मेन, वायर, पेले किती तेसुद्धा, पण हे लिहिलं नाही. मुद्दाम नाही लिहिलं. लिहिलं असतं तर तुला वाटलं असतं की प्रोवी गोड बोलून माफी पदरात पाडून घ्यायला बघतेय. तेव्हापासून मी लिंबर केले नव्हते, एकदाही नाही. चागोची नातवंडं मागतात, मी म्हणते येत नाहीत मला.

काल केले. वीज आहे, फ्रीजर चालू आहे, मेन वर आहे आणि भिंतीतल्या प्लगात काहीही नाही, मी तीनदा बघितलं.

नारळाचे होते, मीनो. वर दालचिनी घातलेली. तुझे दोन पेले जास्तीचे होते, पाठीमागच्या रांगेत, कुणी आधी उचलू नये म्हणून.

ते दोन पेले मी काल पुन्हा मागच्याच रांगेत ठेवलेत. वीज कधी जाईल याचा नेम नाही, तेव्हा फार उशीर करू नकोस.

प्रोवी